मावळचा घाटमाथा: लोणावळ्यापलीकडच्या वाड्या-वस्त्या

पुणे जिल्ह्याच्या पश्चिम कडेचा मावळ तालुका सह्याद्रीच्या ऐन धारेवर वसला आहे. तालुक्याचे ठाणे वडगाव. मुंबई-पुणे लोहमार्ग आणि द्रुतगती मार्ग तालुक्याच्या मधून जातात, आणि बहुतेकांना मावळ दिसतो तो या दोन वाटांच्या कडेने: लोणावळ्याची चिक्की, खंडाळ्याचे धुके, भुशी धरणाच्या पायऱ्या. महामार्ग सोडून पाच-दहा किलोमीटर आत वळले की दुसरा मुलूख लागतो. तिथे भाताची खाचरे आहेत, कारवीने भरलेले उतार आहेत, आणि डोंगराच्या सोंडांवर ठाकर, महादेव कोळी, कातकरी आणि गवळी धनगर यांच्या वाड्या आहेत. दोन मुक्कामांच्या सहलीत, सोबत गावचा वाटाड्या असेल तर, या मुलखाची बऱ्यापैकी ओळख होते.

तालुक्याची रचना तीन खोऱ्यांची आहे. उत्तरेला आंद्रा नदीचे आंदर मावळ, त्याच्या खाली नाणे मावळ आणि दक्षिणेला पवनेचे पवन मावळ. इंद्रायणी लोणावळ्याजवळ कुरवंडे गावाच्या डोंगरात उगम पावते आणि देहू-आळंदीकडे जाते. शिवकाळातल्या बारा मावळांपैकी ही तीन. कार्ल्याच्या लेण्यातील शिलालेखांत या भागाचा ‘मामल’ म्हणून उल्लेख येतो, म्हणजे प्रदेश म्हणून त्याची ओळख किमान अठराशे वर्षांची आहे. लोणावळा समुद्रसपाटीपासून सुमारे ६२० मीटर उंचीवर आहे. त्याच्या पश्चिमेला कडा तुटतो आणि खाली कोकण सुरू होते. अरबी समुद्रावरून येणारे ढग याच कड्याला अडतात. त्यामुळे घाटमाथ्यावर पाऊस अतोनात पडतो आणि पूर्वेला तळेगाव-वडगावपर्यंत येता येता तो झपाट्याने कमी होतो. पीक, घराची बांधणी, माणसांचे स्थलांतर, सगळे या पावसाच्या उतरणीवर ठरते.

सहलीसाठी नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ सर्वांत सोयीचा. आकाश स्वच्छ असते, वाटा कोरड्या असतात आणि भातकापणी उरकलेली असल्याने वाडीतल्या माणसांना बोलायला सवड असते. मेच्या अखेरीस आणि जूनच्या सुरुवातीला काजव्यांसाठी गर्दी होते. भर पावसात धबधबे पाहायला लाखो लोक येतात, पण तेव्हा डोंगर धोक्याचा असतो. ३० जून २०२४ रोजी भुशी धरणामागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातील पाच जण वाहून गेले. वर आभाळ फुटले की ओढ्याचे पाणी किती वेळात चढते, हे वाडीतल्या पोरालाही ठाऊक असते. शहरातून आलेल्याला ते कळायला मार्ग नसतो.

वाटाड्या लागतो तो यासाठीच. फलक, मोबाइलवरचे नकाशे आणि बाण रंगवलेले दगड असले तरी घाटमाथ्यावरच्या ढोरवाटा दर पावसाळ्यात बदलतात आणि धुक्यात एकसारख्या दिसतात. वाटाड्या गावचाच घ्यावा, दर आधी ठरवावा आणि पैसे त्याच्या हातात द्यावेत. या डोंगरांत वाट दाखवणाऱ्याला जुना मान आहे. खंडाळ्याच्या घाटात, म्हणजेच बोरघाटात, जुन्या रस्त्याच्या कडेला शिंगरोबाचे देऊळ आहे. लोककथा अशी की बोरघाटाची चढण कशी काढावी हे इंग्रज अभियंत्यांना सापडेना, तेव्हा शिंगरोबा नावाच्या धनगराने आपल्या जनावरांची वाट त्यांना दाखवली, आणि बक्षीस म्हणून देशाचे स्वातंत्र्य मागितल्याबद्दल त्याला गोळी घातली गेली. कथेला कागदाचा आधार शोधू नये. पण घाट चढणारे ट्रकवाले आजही तिथे नाणे टाकतात, यावरून हा रस्ता मुळात कोणाचा, याबद्दल लोकांच्या मनात काय आहे ते समजते. बोरघाटातील लोहमार्ग १८६३ साली सुरू झाला. त्याच्या बोगद्यांत आणि भरावांवर हजारो मजूर साथींनी आणि अपघातांनी दगावले.

पहिल्या दिवसाची सुरुवात मळवली स्थानकापासून करावी. पुणे-लोणावळा लोकल इथे थांबते. स्थानकाच्या उत्तरेला कार्ला आणि दक्षिणेला भाजे, अशी दोन लेणी समोरासमोरच्या डोंगरांत आहेत. कार्ल्याचे चैत्यगृह भारतातील खडकात कोरलेल्या चैत्यगृहांत सर्वांत मोठे: लांबी सुमारे ३८ मीटर, उंची सुमारे १४ मीटर. छताच्या कमानीला लावलेल्या लाकडी फासळ्या दोन हजार वर्षांच्या आहेत आणि अजून जागेवर आहेत. चैत्याच्या तोंडाशीच एकवीरा आईचे देऊळ आहे. ती मुंबई-कोकणच्या कोळ्यांची कुलदेवता, त्यामुळे चैत्री यात्रेत समुद्रकाठची माणसे पालख्या घेऊन या डोंगरावर येतात. भाज्याची लेणी त्याहून जुनी, इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातली. कोकणातली बंदरे आणि देशावरची गावे यांना जोडणाऱ्या घाटवाटांच्या माथ्यावर ही लेणी कोरली गेली. व्यापारी तांडे इथे टेकत, दान देत आणि पुढे जात. आज ज्यांना आडवाटा म्हणतात, ते एके काळचे राजरस्ते आहेत.

भाज्यातून चढणारा रस्ता गायमुख खिंडीत पोचतो. खिंडीच्या एका अंगाला लोहगड, दुसऱ्या अंगाला विसापूर आणि खिंडीला लागून लोहगडवाडी. लोहगडाची उंची १०३३ मीटर. पायऱ्या चढताना गणेश, नारायण, हनुमान आणि महादरवाजा असे चार दरवाजे एकामागून एक येतात, आणि गडाची विंचूकाटा ही अरुंद माची लांबवर गेलेली दिसते. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या लष्करी स्थापत्याचा वारसा म्हणून जे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यांत लोहगड आहे. शनिवारी-रविवारी तिथे रीघ लागते. विसापूर त्यामानाने निवांत, पठार मोठे आणि तटबंदी लांबलचक.

या दोन गडांच्या अंगाखांद्यावर आणि पुढे मुळशीकडच्या पठारांवर गवळी धनगरांचे वाडे विखुरलेले आहेत. मेंढ्या राखणाऱ्या देशावरच्या धनगरांपेक्षा हे वेगळे. यांचा जीव म्हशी आणि गायींवर. वाडा म्हणजे चार-सहा घरे, तीही पाण्याच्या झऱ्याजवळ आणि कुरणाच्या तोंडाशी. घराच्या एका भागात माणसे, दुसऱ्या भागात गुरे, कारण पावसाच्या चार महिन्यांत जनावर बाहेर टिकत नाही आणि बिबट्याचे भय बारमाही असते. पूर्वी डोंगरावरून दूध गावापर्यंत नासण्याआधी नेणे जमत नसे, म्हणून लोणी-तूप विकायचे आणि धान्य घ्यायचे, असा व्यवहार होता. माधव गाडगीळ आणि कैलाश मल्होत्रा या संशोधकांनी गवळी धनगरांचा अभ्यास करून दाखवले की सह्याद्रीच्या एकाच डोंगरावर समाजांनी जणू मजले वाटून घेतले होते: खोऱ्यात कुणब्यांची भातशेती, वरच्या पठारावर गवळ्यांची गुरे, आणि दोघांत देवघेव. ही वाटणी आता मोडत चालली आहे. कुरणांच्या जागी फार्महाउसची कुंपणे आली, वनखात्याचे नियम आले, आणि तरुण पोरे लोणावळ्यात हॉटेलांत किंवा तळेगाव-चाकणच्या कारखान्यांत कामाला लागली.

पहिला मुक्काम लोहगडवाडीत किंवा भाज्यात करता येतो. दुसरा दिवस राजमाचीचा, आणि तो घाईने उरकू नये. लोणावळ्यातून तुंगार्ली आणि वळवण धरणाच्या बाजूने निघणारी वाट पंधरा किलोमीटरहून अधिक आहे. चढ फारसा नाही, मात्र डोंगराच्या कण्यावरून ती सारखी वळत जाते. जीप जाते, पायी गेल्यास निम्मा दिवस लागतो. कर्जतच्या बाजूने कोंदिवडे गावातून कोंढाणे लेण्यांजवळून चढणारी दुसरी वाट खड्या चढाची आहे.

वळवणचे पाणी पाहताना थोडे थांबावे. मावळचा गेल्या शंभर वर्षांचा इतिहास या जलाशयात आहे. टाटांच्या जलविद्युत योजनेची पायाभरणी १९११ साली झाली आणि १९१५ साली खोपोलीच्या केंद्रातून मुंबईला वीज मिळू लागली. योजना अशी: पूर्वेकडे वाहून भीमेला मिळणारे पाणी लोणावळा, वळवण आणि शिरवत्याच्या तलावांत अडवायचे, नळांतून कड्याखाली पाचशेहून अधिक मीटर सोडायचे आणि त्या वेगावर जनित्रे फिरवायची. बंगालच्या उपसागराकडे निघालेले पाणी असे कोकणात उतरले आणि गिरण्या चालल्या. पुढे आंदर मावळात ठोकरवाडीचे धरण झाले आणि त्याच्या पाण्यावर १९२२ मध्ये भिवपुरीचे वीजकेंद्र सुरू झाले. शेजारच्या मुळशीत मात्र धरणाला विरोध पेटला. १९२१ साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली मुळशी सत्याग्रह झाला. धरणांखाली गेली ती नदीकाठची सपाट, काळी भातजमीन. ज्यांची ती होती त्यांना वर उताराकडे सरकावे लागले, आणि उतारावर जे आधीच राहत होते त्यांच्या वाट्याचे रान आणखी कमी झाले.

राजमाची म्हणजे श्रीवर्धन आणि मनरंजन अशा दोन बालेकिल्ल्यांची जोडी. मधल्या खिंडीत भैरवनाथाचे देऊळ, पायथ्याशी उधेवाडी, आणि अलीकडे फणसराई. श्रीवर्धनाच्या बुरुजावरून उल्हास नदीची दरी, समोर ढाकचा डोंगर आणि खाली कर्जतचा मुलूख दिसतो. गावाजवळ बांधीव तलाव आणि त्याच्या काठी शिवाचे जुने देऊळ आहे.

उधेवाडीत मुक्काम घरांतच होतो. ओसरी शेणाने सारवलेली, चुलीवर तांदळाची किंवा नाचणीची भाकरी, पिठले, मिरचीचा ठेचा आणि इंद्रायणीचा चिकट, वासाचा भात. हा इंद्रायणी तांदूळ मावळचाच. वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्राने आंबेमोहोरापासून तो वाण काढला आणि १९८७ साली प्रसारित केला. वाढणाऱ्या बाईला मावशी किंवा ताई म्हणावे, घरच्या कर्त्या माणसाला मामा किंवा दादा. जेवणाचे पैसे आधी ठरलेले असले तरी पंगतीत पाहुणचाराची रीत पाळली जाते. दुसऱ्यांदा भात नाकारला तर ते मनाला लावून घेतात.

एप्रिल-मेमध्ये येणाऱ्याला इथे राब भाजताना पाहायला मिळते. भाताची रोपे जिथे वाढवायची तो तुकडा निवडून त्यावर शेणाचा थर देतात. त्यावर ऐन-किंजळीच्या झाडांच्या छाटलेल्या फांद्या, त्यावर वाळले गवत आणि पालापाचोळा, आणि सर्वांत वर बारीक मातीचा हात फिरवतात, म्हणजे आग भडकत नाही. पेटवायचे ते वाऱ्याच्या उलट अंगाने. मग आग हळूहळू मागे सरकत जाते, माती खोलवर भाजते, तणाचे बी मरते आणि राख तिथेच राहते. पहिल्या पावसाआधी त्या राखेत बी फेकतात. तीन-साडेतीन आठवड्यांनी रोपे उपटून, जुड्या बांधून, चिखलणी केलेल्या खाचरात आवणी होते. आवणीच्या दिवसांत सगळी वाडी वाकलेली असते. डोक्यापासून पाठीवर बांबूच्या सांगाड्याचे इरले, ज्याला पूर्वी पळसाची पाने लावत आणि आता प्लास्टिकचा कागद लावतात. दोन्ही हात मोकळे ठेवून दिवसभर पावसात काम करायला याहून चांगली वस्तू अजून निघालेली नाही. राबासाठी फांद्या तोडण्यावरून वनखाते आणि शेतकरी यांच्यातला वाद इंग्रजांच्या काळापासूनचा आहे.

जूनच्या तोंडावर, वळवाच्या सरी पडून गेल्यावर, राजमाचीच्या झाडांवर काजवे लागतात. उजेड पाडणारे बहुतेक नर. त्यांची उघडझाप मादीसाठीची खूण असते, आणि एका झाडावरचे हजारो काजवे कधी कधी एकाच ठेक्यात लुकलुकतात. त्यांची अळी पुढे ओल्या पालापाचोळ्यातल्या गोगलगायींवर वाढते. गाड्यांचे दिवे आणि मोबाइलचे झोत या खुणा बुजवून टाकतात. म्हणून वाटाड्या विजेरी बंद करायला सांगतो तेव्हा ती बंद करावी. पायाखालचेही पाहावे, कारण माद्या गवतात असतात.

तिसरा दिवस नाणे मावळाचा. कामशेतहून जांभिवलीपर्यंत रस्ता आहे. पुढे दाट झाडीत कोंडेश्वराचे जुने शिवमंदिर लागते. मंदिराच्या पलीकडे ढाकचा डोंगर, त्याच्या शेजारी कळकराय नावाचा सुळका आणि उभ्या कड्यातल्या गुहेत बहिरी. ढाकचा बहिरी हा परिसरातल्या आदिवासींचा देव. गुहेत स्वयंपाकाची भांडी ठेवलेली असतात. ती वापरायची, घासायची आणि जागेवर ठेवायची. कोणी उचलून नेत नाही, कारण बहिरी बघतो अशी श्रद्धा आहे. कड्यातला शेवटचा टप्पा दोराला आणि खोबण्यांना धरून चढायचा आहे आणि तिथे जीव गेले आहेत. सरावाचा गिर्यारोहक आणि गावचा माणूस सोबत नसेल तर कोंडेश्वरापासूनच मागे फिरावे.

आंदर मावळाचे पश्चिम टोक आणखी आतले आहे. कान्हे फाट्यावरून टाकवे, वडेश्वर करत ठोकरवाडी धरणाच्या काठाने खांडीपर्यंत रस्ता जातो आणि तिथून कुसूर घाटाची जुनी वाट कोकणात उतरते. ठाकर आणि महादेव कोळी यांच्या वाड्या या अंगाला अधिक. महादेव कोळी घाटमाथ्यावरचे जुने शेतकरी. भीमाशंकरच्या डोंगरांपासून अकोले तालुक्यापर्यंत त्यांची वस्ती सलग आहे. ठाकर शेती करतात आणि रानही जाणतात, त्यांचा कांबडनाच प्रसिद्ध आहे. दोन्ही समाजांत दिवाळीच्या सुरुवातीला वाघबारस पाळतात. शहरात त्या दिवशी गाय-वासराची पूजा होते, इथे रानातल्या वाघोबालाही नैवेद्य असतो. उतारावर नाचणी आणि वरई, खाचरात भात, उन्हाळ्यात करवंदे, जांभळे आणि हिरडा: वर्षाचा हिशेब असा बसतो. कारवी सात-आठ वर्षांनी एकदाच फुलते, तेव्हा मधाचे साल म्हणून ते लक्षात राहते. फुलून गेलेल्या कारवीच्या वाळक्या काठ्या कुडाच्या भिंतींना लागतात.

या सर्वांत ज्यांच्या वाट्याला सर्वांत कमी आले ते कातकरी. महाराष्ट्रातील तीन आदिम जमातींत कोलाम आणि माडिया गोंड यांच्यासोबत कातकऱ्यांची गणना होते. खैराच्या लाकडाचा काढा आटवून कात पाडणे हा त्यांचा मूळ धंदा. जंगल सरकारच्या ताब्यात गेले आणि खैर तोडणे बंद झाले तसा तो गेला. मग कोळसा पाडणे, मग वीटभट्टी. दिवाळीनंतर ठेकेदार वाडीवर येतो, कुटुंबाला उचल देतो आणि मुलाबाळांसह भट्टीवर नेतो. पावसाच्या तोंडावर कुटुंब परत येते ते बहुधा उचल पुरती न फिटताच. म्हणून हिवाळ्यातल्या सहलीत कातकरवाडीतली निम्मी घरे बंद दिसतात. शाळेच्या पटावर नाव असलेली मुले तेव्हा कुठल्या तरी भट्टीवर विटा उलट्या करत असतात.

पावसाळ्यात तीच वाडी भरलेली असते, आणि कातकऱ्याचे ज्ञान दिसते ते तेव्हा. पहिल्या मोठ्या पावसाला ओढे फुगले की मासे अंडी घालायला प्रवाहाच्या उलटे खाचरांत चढतात. हे वलगणीचे मासे. कोणत्या बांधाच्या कोणत्या फटीतून ते चढणार हे कातकरी बाईला आदल्या वर्षीपासून माहीत असते. तिथेच ती बांबूचा निमुळता सापळा तोंड खाली करून बसवते. रात्री बॅटरीच्या उजेडात खेकडे धरतात. दगडाखाली हात घालण्याआधी बिळाच्या तोंडाशी पडलेली ताजी माती बघतात, कारण आत खेकड्याऐवजी साप असू शकतो. शेवळे, टाकळा, कुर्डू, भारंगी, कवळा, चाईचा मोहोर या भाज्या ठरावीक आठवड्यांतच खाण्याजोग्या असतात. शेवळ्याला काकडाची फळे घातली नाहीत तर घशाला खाज सुटते. हे सगळे लोणावळ्याच्या आणि कामशेतच्या बाजारात वाट्यावर विकायला येते, आणि घासाघीसही तिथेच होते. भाव पाडू नये.

कातकरवाडी ज्या जागेवर उभी आहे ती जागा बहुतेक ठिकाणी वाडीच्या नावावर नाही. ती मालकाची, वनखात्याची किंवा धरणाची असते. मावळात बंगल्यांसाठी जमिनींचे भाव चढले तशा पिढ्यान् पिढ्या बसलेल्या वाड्यांना उठा म्हणण्याचे प्रसंग वाढले. २००६ च्या वनहक्क कायद्याने कसत्या वनजमिनीवर दावा करता येतो, पण त्याला पुरावे जोडावे लागतात, आणि सहा महिने गावाबाहेर असणाऱ्या माणसाकडे कागद जमत नाहीत. २०२३ साली सुरू झालेल्या पंतप्रधान जनमन योजनेत आदिम जमातींना पक्की घरे देण्याची तरतूद आहे. घर बांधायला जागा मात्र आधी नावावर लागते. तक्रार एकट्या कातकऱ्यांची नाही; पाण्याच्या बाबतीत ती कुणबी शेतकऱ्यांचीही आहे. पवना धरणाचे पाणी बंद नळातून पिंपरी-चिंचवडला नेण्याच्या योजनेविरुद्ध ९ ऑगस्ट २०११ रोजी बऊर येथे द्रुतगती मार्गावर आंदोलन झाले, तेव्हा पोलिसांच्या गोळीबारात तीन शेतकरी मारले गेले.

वाडीत जाताना काही रीती पाळाव्यात. आधी वाटाड्याकरवी विचारावे, मगच जावे. घराचा किंवा माणसाचा फोटो परवानगीशिवाय काढू नये. मुलांना चॉकलेटे किंवा सुटे पैसे वाटू नयेत. द्यायचेच असेल तर शाळेच्या शिक्षकांकडे वह्या द्याव्यात. पिण्याच्या पाण्याच्या टाक्यात किंवा विहिरीत पाय घालू नयेत. मध, तांदूळ, नाचणी, करवंदे विकत घ्यावीत. देवराईतून पानही तोडू नये: देवाच्या नावाने राखलेल्या या तुकड्यांत जुनी झाडे आणि बारमाही झरे टिकून आहेत, आणि माधव गाडगीळ व वा. द. वर्तक यांनी १९७० च्या दशकात त्यांची नोंद केली तेव्हापासून त्यांचे मोल वनस्पतिशास्त्रज्ञांनाही पटले आहे.

जांभिवलीहून कामशेत आणि खांडीहून कान्हे ही परतीची स्थानके. एसटीच्या फेऱ्या मोजक्याच असल्याने शेवटची गाडी किती वाजता सुटते ते सकाळी उतरतानाच विचारून ठेवावे. हाताशी आणखी एक दिवस असेल तर कामशेतहून पवनानगरला जावे. तिथून तिकोना आणि तुंग हे दोन गड आणि वाटेवर बेडशाची लेणी करता येतात. काजव्यांच्या हंगामात राजमाचीला शनिवार टाळावा आणि मधल्या वारी जावे, म्हणजे उधेवाडीतल्या घरांवर ताण पडत नाही आणि वाटाड्यालाही निवांत चालता येते.